दोष बोटाचा नव्हे, माशीचा!



वेलावरच्या कोवळ्या फळाला बोट दाखवू नये, दाखवले तर ते कुजते, असे आपल्या आजीने आपल्याला बजावले आणि आपण ते नातवंडांना बजावतो. चार दिवसांपूर्वी डोळ्यांत भरलेली काकडी वाकडी होऊन पिवळी पडली, की आळ येतो पोरांवर. पण ती काकडी हातात घेऊन नीट पाहा. सालीवर टोचल्याची बारीक खूण व तेथे डिंकासारखा वाळलेला थेंब दिसेल. फळ चिरले की आत पांढुरक्या अळ्या वळवळताना आढळतील. हे काम बोटाचे नाही, फळमाशीचे आहे.

ही माशी साधारण घरमाशीएवढी, तांबूस-तपकिरी रंगाची असते. मादी कोवळ्या फळाच्या सालीखाली अंडी घालते. एक-दोन दिवसांत अळ्या निघून गर खाऊ लागतात. पूर्ण वाढलेली अळी फळातून बाहेर पडून मातीत शिरते, तेथे कोष करते आणि पुढे त्यातून नवी माशी वर येते. काकडी, कारले, दुधी, दोडका, भोपळा ही सारी तिची आवडती पिके.

नोकरीच्या सुरुवातीस माझीही एक चूक झाली. एका शेतकऱ्याच्या कारल्यावर मी लागोपाठ दोन फवारण्या करावयास सांगितल्या. कीड हटेना. तिसऱ्या खेपेस घरच्या आजीबाईंनी मला बांधाकडे नेले. तोडणीच्या वेळी काढलेली किडकी कारली तेथे ढिगाने पडली होती. त्या म्हणाल्या, "सायेब, तुमी वर औषध मारताय, अन् माशीचा पाळणा तर इथं हलतोय!" तेव्हापासून मी आधी किडक्या फळांची चौकशी करतो, औषधाची नंतर. कारण फळाच्या आत बसलेल्या अळीपर्यंत वरची फवारणी सहसा पोचत नाही.

तेव्हा पुढील गोष्टी कराव्यात :

१) किडकी व गळालेली फळे दर दोन-तीन दिवसांनी गोळा करून दोन फूट खोल खड्ड्यात पुरावीत. उकिरड्यावर किंवा बांधावर टाकू नयेत.

२) एकरी चार-पाच फळमाशीचे सापळे टांगावेत. वेलवर्गीय पिकांसाठी क्यू-ल्यूर गंधाची गोळी लागते. आंब्याच्या बागेतला सापळा येथे उपयोगी पडत नाही.

३) परसात दोन-चारच वेल असतील तर फळ बोटाएवढे असतानाच त्यावर कागदाची पिशवी बांधावी.

४) पीक निघाल्यावर जमीन नांगरून तापू द्यावी. मातीतले कोष उन्हाने व पाखरांमुळे मरतात.

दुसरा शत्रू म्हणजे तांबडे भुंगेरे. वेल दोन-चार पानांवर असताना हे पानांची चाळण करतात, आणि त्यांच्या अळ्या जमिनीत राहून मुळे खातात. सकाळच्या गारव्यात भुंगेरे सुस्त असतात. तेव्हाच ते वेचून साबणाच्या पाण्यात टाकावेत. रोपांवर चुलीतली चाळलेली राख धुरळावी. पाच किलो निंबोळीची भरड रात्रभर पाण्यात भिजवून, गाळून, शंभर लिटर पाणी करून फवारल्यासही भुंगेऱ्यांचा त्रास कमी होतो.

पूर्वी यावर गॅमेक्झिन पावडर सर्रास धुरळली जाई. त्या बीएचसी औषधावर १९९७ पासून बंदी आहे. घरात जुनी पुडी सापडली तरी वापरू नये. कीटकनाशक घ्यावेच लागले, तर त्या पिकासाठी शिफारस असलेलेच घ्यावे. डब्यावर लिहिलेले दिवस पुरे झाल्याखेरीज तोडणी करू नये. काकडी आपली पोरे वेलावरून तोडून तशीच खातात, हे विसरू नका. फुले उमललेली असताना फवारू नये. मधमाशी आली नाही, तर मादी फुलाला फळच धरत नाही.

उद्या सकाळी वेलाखाली वाका आणि किडलेली फळे वेचा. या कामाला पैसा लागत नाही. पोरांनाही सोबत घ्या, आणि त्यांना खुशाल बोट दाखवू द्या. कुठले फळ किडले आहे, ते तीच आधी दाखवतील!