दिसायला पाण्यासारखे, चवीला गोडसर : ग्लायकॉल कुळातील द्रावकांची ओळख



गेल्या पावसाळ्यातील गोष्ट. शाळा सुटण्याच्या वेळी मी फाटकाजवळ उभा होतो. मुलांची ने-आण करणाऱ्या एका गाडीत चालकाच्या आसनाशेजारी पाण्याच्या दोन बाटल्या दिसल्या. दोन्ही एकाच आकाराच्या. एकीत पाणी होते, दुसरीत किंचित पिवळसर झाक असलेला द्रव. मी सहज विचारले. चालक म्हणाले, "सर, ब्रेक ऑइल हाय त्ये. गॅरेजवाल्याकडनं थोडं काढून आणलंय." त्या गाडीत पहिली-दुसरीची मुले बसतात. तहानलेल्या मुलाने कोणती बाटली उचलली असती, हे सांगता येत नाही. सुदैवाने तसे काही घडले नाही. बाटली तेव्हाच बाजूला काढायला लावली, परंतु तो विचार मनातून गेला नाही. आपल्या पालकांपैकी कितीतरी जण उद्यमबागेतील कारखान्यांत, गॅरेजमध्ये, छापखान्यांत आणि रंगकामात आहेत. हा द्रव त्यांच्या रोजच्या हाताखालचा आहे. म्हणून या अंकात त्याच्याविषयी लिहीत आहे.

ग्लायकॉल इथर म्हणजे काय?

एखादा पदार्थ ज्या द्रवात विरघळतो, त्या द्रवाला मराठीत द्रावक म्हणतात. मी हिंदी माध्यमातून शिकलो, तेव्हा त्याला 'विलायक' म्हणत असू. शब्द वेगळा, वस्तू तीच. मीठ पाण्यात विरघळते, तेलात नाही. ऑइलपेंट थिनरमध्ये विरघळतो, पाण्यात नाही. म्हणजे काही पदार्थ पाण्याच्या पक्षाचे, तर काही तेलाच्या.

या दोन्ही पक्षांशी जमवून घेणारे द्रावक म्हणजे ग्लायकॉल इथर. त्याच्या रेणूचे एक टोक पाण्याला धरते व दुसरे टोक तेलकट पदार्थाला. बेळगावच्या बाजारात एका गिऱ्हाइकाशी मराठीत आणि दुसऱ्याशी कानडीत बोलणारा दुकानदार आपण रोज पाहतो. हे द्रावक तसेच दुभाषी आहे. रंग, शाई, ग्रीस, मेण यांना ते विरघळवते आणि स्वतः पाण्यातही मिसळते.

'ग्लायकॉल' हे नाव फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ शार्ल आडोल्फ व्युर्त्स यांनी एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास दिले. ग्लिसरीन आणि अल्कोहोल या दोन शब्दांच्या जोडणीतून ते तयार झाले. पुढे १९२० च्या दशकात अमेरिकेत मोटारींच्या सेल्युलोज लॅकरसाठी चांगल्या द्रावकाची गरज भासू लागली आणि ग्लायकॉल इथर बाजारात आले. सेल्युलोज विरघळवते म्हणून 'सेलोसॉल्व्ह' हे व्यापारी नाव पडले. आजही रंगाच्या धंद्यातील माणसे 'ब्युटाईल सेलोसॉल्व्ह' असेच म्हणतात.

गुणधर्म

ब्युटाईल सेलोसॉल्व्हचेच उदाहरण घेऊ. हा रंगहीन द्रव आहे. वास सौम्य असतो. पाण्यापेक्षा तो किंचित हलका असून सुमारे १७१ अंश सेल्सिअसला उकळतो. पेट्रोल किंवा थिनर उघडे ठेवले तर भराभर उडून जाते, हा मात्र सावकाश उडतो. त्यामुळे रंग एकसारखा पसरतो, ब्रशचे ओघळ राहत नाहीत. तो पेट्रोलइतक्या सहज पेट घेत नाही, पण ज्वलनशील आहे हे विसरू नये. या कुळातील काही द्रव उघड्या डब्यात हवेशी आणि उजेडाशी फार दिवस संपर्कात राहिले, तर त्यांत पेरॉक्साइड नावाचे स्फोटक पदार्थ तयार होऊ शकतात. म्हणून डब्याचे झाकण घट्ट असावे आणि वर्षानुवर्षे साठा करू नये.

उपयोग

यादी मोठी आहे. भिंतीचे व लाकडाचे रंग, लग्नपत्रिका व फलकांसाठी लागणारी स्क्रीन प्रिंटिंगची शाई, काच पुसण्याचे द्रव, ग्रीस काढण्याची रसायने या सर्वांत ग्लायकॉल इथर असू शकतात. विद्यार्थी मित्रांनो, तुमच्या हातातील बॉलपेनच्या शाईत बहुधा फिनॉक्सीइथेनॉल असते, तेही याच कुळातील. तेच घरच्या क्रीम व शांपूमध्ये अगदी अल्प प्रमाणात, माल खराब होऊ नये म्हणून घालतात. तेव्हा नाव ऐकताच घाबरण्याचे कारण नाही. कोणता पदार्थ, किती प्रमाणात आणि कोठे वापरला, हे पाहावे लागते.

सर्वांत ओळखीचा उपयोग म्हणजे ब्रेक ऑइल. याला आपण ऑइल म्हणतो, पण ते तेल नव्हे. मोटारीत व मोटारसायकलच्या डिस्क ब्रेकमध्ये जे डॉट ३ किंवा डॉट ४ असते, ते मुख्यतः ग्लायकॉल इथरांचे मिश्रण आहे. तवंदीच्या घाटातून उतरताना ब्रेकवर सतत पाय असतो आणि ब्रेक तापतात. साध्या द्रवाची तेथे वाफ झाली असती. वाफ दाबली जाते, म्हणून पाय खाली जातो पण ब्रेक लागत नाही. ताज्या डॉट ३ चा उत्कलनबिंदू किमान २०५ अंश व डॉट ४ चा किमान २३० अंश असावा असे प्रमाण आहे. मात्र हा द्रव हवेतील ओलावा शोषून घेतो. त्यात पावणेचार टक्क्यांच्या आसपास पाणी शिरले की डॉट ३ साठी प्रमाण १४० अंशांवर आणि डॉट ४ साठी १५५ अंशांवर येते. म्हणून गाडी नीट चालत असली तरी कंपनीने सांगितलेल्या मुदतीत ब्रेक ऑइल बदलून घ्यावे आणि उघड्या डब्यातील जुने ऑइल भरू नये. आपल्याकडच्या चार महिन्यांच्या पावसात हे अधिकच लक्षात ठेवायला हवे. बाटलीत काढून ठेवलेले ब्रेक ऑइल असे दोन्हीकडून वाईट, पिणाऱ्यालाही आणि गाडीलाही.

धोके

ही द्रावके शरीरात तीन वाटांनी जातात : श्वासातून, तोंडातून आणि कातडीतून. तिसरी वाट पुष्कळांना ठाऊक नसते. हाताला आग होत नाही, वास झोंबत नाही, म्हणून कारागीर उघड्या हातांनी काम करत राहतो आणि द्रव कातडीतून रक्तात उतरत असतो.

या कुळातील मिथॉक्सीइथेनॉल व इथॉक्सीइथेनॉल हे दोन पदार्थ सर्वांत घातक ठरले. शरीरात गेल्यावर त्यांचे आम्ल बनते. ते आम्ल रक्त तयार करणाऱ्या मज्जेला, पुरुषांच्या प्रजननशक्तीला आणि गर्भाला अपाय करते. अमेरिकेतील संगणक चिप बनवणाऱ्या कारखान्यांत काम करणाऱ्या महिलांमध्ये गर्भपाताचे प्रमाण वाढलेले १९९२ च्या अभ्यासांत आढळले. त्यानंतर त्या उद्योगाने हे पदार्थ मागे घेतले. आता अनेक ठिकाणी त्यांच्याऐवजी प्रोपिलीन ग्लायकॉलपासून बनवलेले, तुलनेने कमी धोक्याचे इथर वापरतात. ब्युटाईल सेलोसॉल्व्ह वरील दोघांइतके घातक नाही, तरीही डोळ्यांना व कातडीला त्रास देते आणि पोटात गेल्यास गंभीर विषबाधा होऊ शकते.

याच घराण्याचा एक चुलत भाऊ म्हणजे डायइथिलीन ग्लायकॉल. ग्लायकॉलचे दोन रेणू इथरच्या पुलाने जोडले की तो बनतो. काही ब्रेक ऑइलांत तो असतो. तापलेल्या धातूजवळ चालणाऱ्या हायड्रॉलिक यंत्रांत आग लागू नये म्हणून तेलाऐवजी पाणी-ग्लायकॉलचे मिश्रण भरतात, त्यातही तो असतो. कारखान्यात तो उपयुक्त आहे. पोटात गेला तर मूत्रपिंडे निकामी करतो. आरंभी उलट्या, पोटदुखी, गुंगी येते, मग लघवी कमी होते व थांबते. पहिल्या काही तासांत माणूस बरा वाटू शकतो, म्हणून घरचे लोक निर्धास्त राहतात आणि वेळ निघून जातो.

मुंबईतील घटना आणि नंतरच्या घटना

१९८६ च्या जानेवारी-फेब्रुवारीत मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात काही रुग्णांना ग्लिसरीन देण्यात आले. मेंदूतील किंवा डोळ्यातील दाब कमी करण्यासाठी ते त्या काळी नेहमी देत. पण त्या ग्लिसरीनमध्ये डायइथिलीन ग्लायकॉल मिसळलेले होते. बरे होण्यासाठी आलेले १४ रुग्ण मूत्रपिंडे बंद पडून दगावले. न्यायमूर्ती लेंटिन यांच्या आयोगाने चौकशी केली आणि औषधाच्या खरेदीपासून तपासणीपर्यंत प्रत्येक पायरीवरील हलगर्जीपणा उघड केला.

ही अदलाबदल होते कशी? ग्लिसरीन आणि डायइथिलीन ग्लायकॉल दोन्ही रंगहीन, दोन्ही दाटसर, दोन्ही गोड. औषधी प्रतीचे ग्लिसरीन महाग, हा पदार्थ स्वस्त. डोळ्यांनी, नाकाने वा जिभेने फरक कळत नाही. प्रयोगशाळेतील चाचणीनेच कळतो. ती चाचणी कोणी टाळली की पुढचे सर्व जण विश्वासाने विष देत जातात.

जगाला हे जे. जे. च्या आधीच ठाऊक होते. १९३७ साली अमेरिकेत याच पदार्थात विरघळवलेल्या एका औषधाने शंभरहून अधिक माणसे दगावली आणि पुढच्या वर्षी तेथे औषधांचा कडक कायदा झाला. तरीही २०२२ मध्ये आफ्रिकेतील गांबिया देशात सुमारे ७० मुले दगावली. भारतात बनलेल्या सिरपांत हीच ग्लायकॉले आढळल्याचा इशारा जागतिक आरोग्य संघटनेने दिला. २०२५ च्या सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये मध्य प्रदेशातील छिंदवाड्याची वीसहून अधिक मुले खोकल्याच्या औषधाने गेली. त्यांतील बऱ्याच जणांना उपचारासाठी नागपूरला आणले होते. औषधात डायइथिलीन ग्लायकॉल ०.१ टक्क्यापेक्षा अधिक चालत नाही. त्या औषधात ते ४८.६ टक्के आढळले. म्हणजे जवळपास निम्मी बाटली.

या घटना वाचताना मला त्या गाडीतील बाटली आठवते. मोठ्या कारखान्यातील चूक आणि आपल्या घरातील चूक एकाच जातीची आहे. आतील वस्तू एक आणि वरची ओळख दुसरी.

काय काळजी घ्यावी?

१. कोणतेही रसायन पाण्याच्या, सरबताच्या किंवा औषधाच्या बाटलीत काढून ठेवू नये. मूळ डब्यातच, झाकण घट्ट लावून, मुलांच्या हाताला लागणार नाही असे कुलपात ठेवावे.

२. डब्यावरील चित्र पाहावे. आपल्या भागात डब्यावर इंग्रजी, दुकानात कानडी आणि घरी मराठी अशी स्थिती असते. चित्राला भाषा लागत नाही. कवटी म्हणजे विष, ज्वाला म्हणजे पेट घेणारे, माणसाच्या छातीवरील चांदणीसारखी खूण म्हणजे आतील अवयवांना दीर्घकाळ अपाय करणारे.

३. काम करताना द्रावकाला टिकणारे रबरी हातमोजे वापरावेत. कापडी मोजे द्रव शोषून तो कातडीशीच धरून ठेवतात. खिडक्या उघड्या ठेवाव्यात. गरोदर भगिनींनी अशा कामापासून दूर राहावे.

४. कामावरून आल्यावर साबणाने हात धुऊन व कपडे बदलून मगच लहान मुलांना जवळ घ्यावे.

५. खोकल्याचे औषध डॉक्टरांच्या सल्ल्याशिवाय मुलांना देऊ नये. दोन वर्षांखालील बाळांना अशी औषधे देऊच नयेत आणि पाच वर्षांखालील मुलांना ती सहसा देऊ नयेत, असा केंद्रीय आरोग्य विभागाचा सल्ला आहे. बिल व बाटली जपून ठेवावी. औषध चालू असताना मुलाची लघवी कमी झाली तर त्याच दिवशी दवाखाना गाठावा.

६. द्रव पोटात गेल्याची शंका आली तर उलटी करवू नये, घरगुती उपाय करत बसू नये. १०८ ला फोन करावा आणि तो डबा किंवा बाटली बरोबर घेऊन रुग्णालयात जावे. वेळेवर पोचल्यास प्रतिविष आणि डायलिसिस यांचा उपयोग होतो.

७. कातडीवर सांडल्यास भिजलेले कपडे काढून भरपूर पाण्याने धुवावे. डोळ्यात गेल्यास पंधरा मिनिटे पाणी सोडत राहावे.

विश्वस्त मंडळास नम्र विनंती आहे की, सुट्टीतील रंगकामानंतर उरलेले डबे शाळेत राहू देऊ नयेत, प्रयोगशाळेतील रसायनांच्या कपाटाला स्वतंत्र कुलूप असावे, आणि विद्यार्थ्यांची वाहतूक करणाऱ्या गाड्यांत कोणतेही रसायन ठेवू नये अशी अट लेखी घालावी.

आणि विद्यार्थ्यांना एक काम. या रविवारी आई किंवा वडिलांबरोबर घरातील मोरी, माळा आणि गाडी ठेवण्याची जागा पाहा. काही उघडू नका, हुंगू नका, चाखू नका. ज्या बाटलीवरचे नाव आणि आतील वस्तू जुळत नाही, अशी एक जरी सापडली तरी ती वडीलधाऱ्यांना दाखवा आणि सोमवारी वर्गशिक्षकांना सांगा. किती सापडल्या ते पुढच्या अंकात छापू. तो आकडा मोठा आला तर वाईट वाटून घेऊ नका. तेवढ्या बाटल्या आपण वेळेवर ओळखल्या, असे समजा.

— मुख्याध्यापक