काळी जई : मातीवर पांघरूण घालणारे पीक



किराणा दुकानात ओट्सची पाकिटे दिसू लागल्यापासून हे धान्य सर्वांच्या ओळखीचे झाले आहे. ओट्समध्ये बीटा-ग्लुकन नावाचा पाण्यात विरघळणारा तंतू असतो. तो रक्तातील कोलेस्टेरॉल कमी करायला मदत करतो, म्हणून डॉक्टरही ओट्स खाण्याचा सल्ला देतात. पण पाकिटातले हे ओट्स आणि माळव्यात गुराढोरांसाठी पेरली जाणारी जई हे एकच पीक आहे, हे पुष्कळांना ठाऊक नसते. या जईची एक बहीण आहे, काळी जई. तिचा दाणा फारसा कोणी खात नाही, तरीही परदेशात हजारो शेतकरी ती दरवर्षी पेरतात. असे का, आणि आपल्या बागलीच्या शेतकऱ्याने त्यातून काय घ्यावे, ते या लेखात पाहू.

नावांचा घोळ

आधी नावे नीट समजून घेऊ, कारण परीक्षेत मुले येथेच चुकतात. जव म्हणजे सातू, ज्याला इंग्रजीत बार्ली म्हणतात. जवस म्हणजे अळशी. ते तेलबियांचे पीक आहे. आणि जई म्हणजे ओट. जई हा शब्द आपल्याकडे हिंदीतून आला. महाराष्ट्रात चाऱ्याच्या या पिकाला ओट असेच म्हणतात. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाचे 'फुले हरिता' हे ओटचेच वाण आहे.

जई गवताच्या कुळातली, म्हणजे गहू, ज्वारी, भात यांच्या नात्यातली आहे. गव्हाची ओंबी ताठ व घट्ट असते. जईचा फुलोरा मोकळा असून त्याच्या बारीक काड्यांवर दाणे खाली लोंबतात. पण रोप लहान असतानाही ओळख पटवता येते. गव्हाच्या पानाच्या बुडाशी खोडाला मिठी मारणारे दोन इवलेसे कान असतात. जईला हे कान नसतात. पुढच्या वेळी शेतात गेलात की बसून, पान हलकेच मागे ओढून पाहा.

काळी जई कशी असते?

साध्या जईचे शास्त्रीय नाव अ‍ॅव्हेना सटायव्हा आणि काळ्या जईचे अ‍ॅव्हेना स्ट्रिगोसा. साध्या जईच्या पेशीत ४२ गुणसूत्रे असतात, काळ्या जईच्या पेशीत फक्त १४. त्यामुळे दोघींचा संकर सहजासहजी होत नाही. काळ्या जईचा दाणा बारीक व लांबट असतो. त्याचे तूस गडद तपकिरी ते काळे असते आणि टोकाला केसासारखी कुसळे असतात. दाण्याच्या मानाने तूस जास्त निघते, म्हणून धान्य म्हणून ती मागे पडली.

हिचे मूळ पश्चिम युरोपात, विशेषतः स्पेन-पोर्तुगालच्या बाजूला आहे. रेताड, हलक्या, नापीक जमिनीत जेथे दुसरे धान्य धड येत नसे, तेथे ही उभी राही. स्कॉटलंडच्या उत्तरेकडील व पश्चिमेकडील बेटांवर आजही काही शेतकरी ती गुरांसाठी पेरतात. पूर्वी तिचे पीठ माणसेही खात. चांगली जमीन, चांगले खत आणि जास्त उत्पन्न देणारी वाणे आल्यावर युरोपातून ती जवळजवळ नाहीशी झाली. तिला पुन्हा मोठा मान मिळाला तो समुद्रापलीकडे, ब्राझीलमध्ये.

ब्राझीलचे शेतकरी तिचे काय करतात?

दक्षिण ब्राझीलमध्ये आपल्यासारखेच सोयाबीनचे राज्य आहे. तेथे सोयाबीन निघाल्यावर जमीन नांगरून उघडी टाकली जाई. मग जोराच्या पावसात वरची सुपीक माती वाहून जाई. पाराना प्रांतातल्या रोलांदिया गावचे शेतकरी हर्बर्ट बार्ट्झ यांनी आपल्या शेतातली माती अशी जाताना पाहिली आणि १९७२ साली नांगर बाजूला ठेवून सोयाबीन पेरायला सुरुवात केली. आजूबाजूचे लोक प्रथम हसले, पण हळूहळू ही पद्धत सर्व दक्षिण ब्राझीलभर पसरली. जमीन नांगरायची नाही म्हटले की ती कशाने तरी झाकलेली हवी. ते झाकण्याचे काम पुढे मोठ्या प्रमाणात काळ्या जईने केले.

ब्राझील विषुववृत्ताच्या दक्षिणेला असल्याने तेथे एप्रिल-मे महिन्यात थंडीचे दिवस सुरू होतात. त्या वेळी काळी जई पेरतात. ती लवकर वाढते व जमीन झाकून टाकते. तांबेरा रोगाला ती साध्या जईपेक्षा बरीच दाद देत नाही. काही शेतकरी मधल्या काळात तीत गुरे चारतात. पीक फुलोऱ्यावर आले किंवा दाणा दुधात भरू लागला की शेतातून पात्यांचा जड रूळ फिरवतात. रोपे चेचून आडवी पडतात आणि जागच्या जागी वाळतात. जमिनीवर जणू सतरंजी पसरते. या सतरंजीतूनच यंत्राने पुढचे सोयाबीन पेरतात.

याचे फायदे समजायला सोपे आहेत. पावसाचा थेंब मातीवर न आपटता काडीवर पडतो, म्हणून माती फुटत नाही व वाहत नाही. पाणी सावकाश मुरते. ऊन थेट न लागल्याने ओल टिकते. उजेड न मिळाल्याने तण कमी उगवते. शिवाय काळ्या जईच्या मुळांतून व काडीतून निघणारे काही पदार्थही तणाच्या बियांना दाबतात. मुळे कुजली की त्यांच्या जागी पोकळ वाटा राहतात आणि त्यातून हवा-पाणी खाली जाते.

विद्यार्थ्यांसाठी एक प्रश्न. ही काडी कुजवताना जमिनीतले जिवाणू मातीतला नत्र स्वतःसाठी उचलतात. मग पुढच्या पिकाची उपासमार होत नाही का? मक्याची होऊ शकते, म्हणून मक्याआधी जईत एखादे शेंगवर्गीय पीक मिसळतात. सोयाबीन मात्र आपल्या मुळांवरच्या गाठींमधून हवेतला नत्र स्वतः मिळवते. म्हणून काळी जई आणि सोयाबीन यांचे छान जमते.

मग आपल्याकडे का नको?

हा प्रश्न कोणी विचारला तर तो योग्यच आहे, पण उत्तर विचार करून द्यायला हवे. दक्षिण ब्राझीलमध्ये हिवाळ्यातही पाऊस पडतो. आपल्या माळव्यात पावसाळा संपला की आभाळ कोरडे. ज्याच्या विहिरीला पाणी आहे तो गहू घेतो, ज्याला नाही तो जमिनीतल्या ओलीवर हरभरा घेतो. नुसती माती झाकण्यासाठी रबीचा हंगाम आणि विहिरीचे पाणी खर्च करणे लहान शेतकऱ्याला परवडणार नाही. म्हणून काळी जई जशीच्या तशी आणून लावा, असे मी म्हणणार नाही. घ्यायचा आहे तो तिचा धडा.

आपल्या बागली तहसीलीतच काळी सिंध उगम पावते आणि पुढे चंबळेला मिळते. घाटाखालचे पाणी नर्मदेला जाते. जून महिन्यातला पहिला गढूळ लोंढा डोळ्यांसमोर आणा. त्या पाण्याला रंग आपल्या शेतांचा असतो. त्याआधी एप्रिलमध्ये आपण काय केलेले असते? गहू हार्वेस्टरने काढला, नरवाईला काडी लावली, आणि जमीन उघडी करून ठेवली. ब्राझीलचा शेतकरी मातीवर पांघरूण पडावे म्हणून पैसे खर्चून बी पेरतो. आपल्याला गव्हाबरोबर ते पांघरूण फुकट मिळते आणि आपण ते जाळतो! मध्य प्रदेशात नरवाई जाळण्यावर बंदी आहे, पण दंडाच्या भीतीपेक्षा हे गणित जास्त पटण्याजोगे आहे. उभ्या नरवाईतच पेरणी करणारी हॅपी सीडरसारखी यंत्रेही आता आहेत.

साधी जई मात्र जरूर लावावी

चाऱ्याचे म्हणाल तर साध्या जईला आपल्याकडे नक्की जागा आहे. पूर्वी माळव्यात ज्वारी भरपूर होती, तेव्हा कडब्याच्या गंजी घराघरात असत. सोयाबीन आले, ज्वारी मागे हटली आणि तिच्याबरोबर कडबाही गेला. आता हिवाळ्यात जनावरांपुढे बहुतेक भुसाच पडतो. विहिरीजवळच्या लहानशा तुकड्यात जई लावली तर ही उणीव भरून निघते.

पेरणी ऑक्टोबरच्या मध्यापासून नोव्हेंबरच्या मध्यापर्यंत करावी. हेक्टरी ८० ते १०० किलो बी लागते व दोन ओळींत २० ते २५ सेंटिमीटर अंतर ठेवतात. 'केंट' हे जुने, सर्वत्र चालणारे वाण आहे. झाशी येथे १९६२ साली स्थापन झालेल्या भारतीय चरागाह व चारा संशोधन संस्थेची 'बुंदेल जई' ही वाणेही प्रसिद्ध आहेत. पहिली कापणी साधारण ५५ ते ६० दिवसांनी, जमिनीपासून ८-१० सेंटिमीटर वर करावी. अगदी बुडातून कापली तर पुन्हा फुटत नाही. पाणी व खत व्यवस्थित असल्यास सर्व कापण्या मिळून हेक्टरी ४०० ते ५०० क्विंटल हिरवा चारा मिळू शकतो. बरसीमबरोबर मिसळून दिल्यास उत्तम, कारण नुसत्या ओल्या बरसीमने जनावराचे पोट फुगू शकते.

एक सावधगिरी पालकांनी लक्षात ठेवावी. भरपूर युरिया घातलेली, पाण्याचा ताण बसलेली कोवळी जई जनावराला एकदम पोटभर घालू नये. तिच्यात नायट्रेट साठून विषबाधा होऊ शकते. भुशात मिसळून, थोडी थोडी वाढवत द्यावी.

जंगली जईशी गल्लत नको

आपल्या गव्हात काळपट दाण्याचे, लांब कुसळांचे एक तण उगवते. ती जंगली जई, अ‍ॅव्हेना फॅटुआ. दाणा काळा आहे म्हणून तिला काळी जई समजू नये. हिचे दाणे गव्हाआधी पिकून गळतात आणि पुढे कित्येक वर्षे उगवत राहतात. म्हणून बी नेहमी प्रमाणित घ्यावे आणि दाणे गळण्यापूर्वी हे तण उपटून टाकावे.

तिचे कुसळ मात्र पाहण्यासारखे असते. वाळलेले पिळदार कुसळ पाण्याच्या थेंबात ठेवले की पीळ उलगडू लागतो आणि ते हळूहळू गोल फिरते. वाळले की पुन्हा पीळ पडतो. असे फिरत फिरतच बी मातीत शिरते.

शाळेत करून पाहू

विश्वस्त मंडळाला माझी विनंती आहे की शाळेमागच्या मोकळ्या जागेतले तीन उतरते वाफे विद्यार्थ्यांना या प्रयोगासाठी द्यावेत. एक वाफा उघडा राहील, दुसऱ्यावर गव्हाचा भुसा पसरू आणि तिसऱ्यात जई लावून ती फुलोऱ्यावर आडवी पाडू. नंतर प्रत्येकावर झारीने सारखेच पाणी घालून खाली वाहून आलेले पाणी काचेच्या बरणीत धरू. कोणत्या बरणीच्या तळाशी किती माती बसली ते मुलांनी स्वतः मोजावे व वहीत लिहावे. ज्या घरी शेती आहे त्या पालकांनी त्या तीन बरण्या पाहायला अवश्य यावे, आणि शक्य तर नरवाईला काडी लावण्याच्या दिवसांआधीच यावे.