विश्लेषण : उभ्या सळईशिवाय घरी ग्रीक पिटा जमतो का? खिमा, चक्का आणि तव्याचं गणित

ग्रीसमधल्या कोपऱ्या-कोपऱ्यावरच्या दुकानांत उभ्या सळईवर मांसाचा शंकू फिरत असतो. दुकानदार लांब सुरीने त्याच्या कडेचे कुरकुरीत पापुद्रे उतरवतो, भाजलेल्या जाड पिटात भरतो, वर दही-काकडी, टोमॅटो, कांदा आणि चक्क बटाट्याचे तळलेले काप टाकतो आणि कागदात गुंडाळून हातात देतो. हा ‘यीरो’. याच्या ‘सोप्या घरगुती’ रील्स पाहून अनेक जण खिमा आणतात, ओरेगॅनो घालून परततात आणि शेवटी पावाऐवजी पिटात भरलेला खिमाच खातात. चवीला तो वाईट नसतो, पण तो यीरो नसतो. फरक मसाल्यात नाही. मांस बांधलं कसं जातं आणि कोणत्या क्रमाने शिजतं, यात आहे. हा क्रम बिघडला तर प्रश्न फक्त चवीचाही राहत नाही.

यीरो, सुवलाकी, शवर्मा... नेमका फरक काय?

उभ्या सळईवर मांस भाजण्याची पद्धत १९व्या शतकातल्या ऑटोमन साम्राज्यातली. तुर्कीतल्या बुर्सा शहराचं नाव त्यासाठी घेतलं जातं. तुर्की भाषेत ‘दोनेर’ म्हणजे फिरणारा. अरबीतला ‘शवर्मा’ हा शब्दही तुर्कीतल्या ‘फिरवणे’ या अर्थाच्या शब्दावरूनच आला. ग्रीकमध्ये ‘यीरोस’ म्हणजे फेरा. म्हणजे तीन भाषांत नावं तीन, अर्थ एकच. आपल्याकडच्या मेनूकार्डांवर इंग्रजी स्पेलिंग वाचून त्याचं ‘जायरो’ होतं, ते सोडून द्या.

१९२३ मध्ये ग्रीस आणि तुर्की यांच्यात लोकसंख्येची अदलाबदल झाली. त्याच्या आगेमागे सुमारे १२ लाख ऑर्थोडॉक्स ख्रिश्चन निर्वासित होऊन ग्रीसमध्ये आले आणि त्यांच्याबरोबर त्यांचं स्वयंपाकघरही आलं. ग्रीसमध्येही या पदार्थाला बराच काळ दोनेरच म्हणत; पुढे तुर्की शब्दाच्या जागी ग्रीक शब्द रुळला. पदार्थात मात्र एक मोठा बदल झाला. ग्रीसमधला यीरो प्रामुख्याने पोर्कचा असतो, त्याखालोखाल चिकनचा.

सुवलाकी म्हणजे छोट्या काडीवर भाजलेले मांसाचे तुकडे. पण अथेन्समध्ये पिटात गुंडाळलेल्या प्रकारालाही सर्रास सुवलाकी म्हणतात आणि काडीवरच्या तुकड्यांना ‘कलामाकी’ म्हणतात. थेस्सालोनिकीच्या माणसाला हे अजिबात मान्य नसतं. मिसळ कुठली खरी, या वादासारखाच हा वाद आहे.

मग रील्समध्ये खिम्याचा ‘लोफ’ का दिसतो?

ग्रीसमधला शंकू बहुतेक ठिकाणी मांसाचे पातळ काप एकावर एक रचून केलेला असतो. बीफ आणि लॅम्बचा खिमा एकजीव करून केलेला गुळगुळीत शंकू ही अमेरिकेतली, मुख्यतः शिकागोमधली पद्धत. १९७०च्या दशकात तिथे असे तयार शंकू कारखान्यात बनू लागले आणि अमेरिकाभर पोहोचले. घरगुती ‘ग्रीक पिटा’च्या बहुतेक रेसिपी या अमेरिकी वाटेने आल्या आहेत. त्यामुळे त्या अस्सल ग्रीक नाहीत हे खरं. पण घरी सळई नसताना हीच वाट सोयीची आहे, हेही तितकंच खरं.

खिमा भुगा का होतो?

माझा पहिला प्रयत्न इथेच फसला होता. कांदा किसून तसाच पाण्यासकट घातला, खिमा हाताने कालवला, केकच्या भांड्यात भरून भाजला आणि कापायला गेलो तर सगळा भुगा. कॉलेजात मटेरियल सायन्स शिकताना जे डोक्यावरून गेलं होतं, ते त्या दिवशी कळलं.

मांसात मायोसिन नावाचं प्रथिन असतं. मीठ लावून खिमा मळला की हे प्रथिन मोकळं होऊन चिकट होतं आणि उष्णतेने त्याची जाळी तयार होते. ही जाळी पाणी आणि चरबी धरून ठेवते. सॉसेज कापलं तरी तुटत नाही, ते यामुळेच. मीठ कमी पडलं किंवा मळणी अपुरी झाली तर जाळीच बनत नाही. कांद्याचं पाणी जास्त झालं तर ती विरळ होते. आणि खिमा कोमट असताना मिक्सरमध्ये फिरवला तर चरबी वितळून वेगळी होते. म्हणून तीन गोष्टी पाळायच्या : मीठ मोजून, कांदा पिळून, खिमा गार.

अर्धा किलो मटण खिमा घ्या. आपल्याकडे मटण म्हणजे बहुतेक वेळा बोकडाचं आणि ते लॅम्बपेक्षा कोरडं असतं. त्यामुळे खाटकाला थोडी चरबी घालून खिमा दोनदा काढायला सांगा. गोव्यात किंवा मुंबईच्या ज्या भागांत चांगलं पोर्क मिळतं तिथे तेही वापरता येईल. ग्रीसच्या जास्त जवळ जाणारं तेच. मीठ ८ ग्रॅम, म्हणजे साधारण सव्वा छोटा चमचा. एक मध्यम कांदा किसून, फडक्यात घट्ट पिळून. लसणाच्या ४-५ पाकळ्या, २ छोटे चमचे ओरेगॅनो, १ छोटा चमचा मिरपूड, अर्धा चमचा जिरेपूड. एवढंच. गरम मसाला, आलं, हिरवी मिरची घालायचा मोह आवरा, नाहीतर सीख कबाब तयार होईल. पिझ्झ्याबरोबर आलेली ओरेगॅनोची पाकिटं ड्रॉवरमध्ये पडलेली असतातच, पण त्यांत अनेकदा मीठ आणि इतर मसालेही असतात. ती वापरणार असाल तर मीठ कमी करा.

हे सगळं कालवून २ तास फ्रीजमध्ये ठेवा. रात्रभर ठेवलं तर उत्तम. मग थोडं थोडं मिक्सरमध्ये, थांबून थांबून फिरवा. मिश्रणाचा गोळा तळहातावर घेऊन हात उलटा केला तरी तो पडला नाही, म्हणजे झालं.

ओटीजी नसेल तर?

चालेल. असेल तर मिश्रण ब्रेडच्या टिनमध्ये हवा राहणार नाही असं दाबून भरा. टिन गरम पाण्याच्या ट्रेमध्ये ठेवून १६० अंश सेल्सिअसवर तासभर ते सव्वा तास भाजा. नसेल तर स्टीलच्या डब्यात ४ ते ५ सेंटीमीटरचा थर करून, झाकण लावून, शिट्टी काढलेल्या कुकरमध्ये ढोकळ्यासारखं ३५ ते ४० मिनिटं वाफवा. बाहेर काढल्यावर सुटलेलं पाणी ओतून टाका, वर सपाट झाकण ठेवून त्यावर वरवंटा किंवा पाण्याने भरलेलं पातेलं ठेवा. २० मिनिटांच्या या दाबाने आतली पोकळी जाते आणि पातळ काप निघतात. नंतर लगेच फ्रीजमध्ये. गार झाल्यावरच कापा.

आता सळईचं काम तव्याने करायचं. सळईवर आचेकडचा काही मिलिमीटरचा थरच कुरकुरीत होतो, तो उतरवला की पुढचा थर आचेसमोर येतो. मांस तपकिरी आणि खमंग होण्याची क्रिया साधारण १४० अंशांच्या वर जोर धरते. पृष्ठभागावर पाणी असेल तोवर तापमान १००च्या पुढे जात नाही. म्हणून काप कोरडे हवेत, तवा चांगला तापलेला हवा आणि एकावेळी चार-पाचच काप टाकायचे. गर्दी केली की वाफ धरते आणि काप उकडल्यासारखे होतात. प्रत्येक बाजू दीड-दोन मिनिटं पुरे.

सुरक्षिततेचा मुद्दा कुठे येतो?

मे २०२२ मध्ये केरळच्या कासरगोड जिल्ह्यात शवर्मा खाल्ल्यानंतर १६ वर्षांच्या मुलीचा मृत्यू झाला. मे २०२४ मध्ये मुंबईत मानखुर्द भागात १९ वर्षांचा तरुण अशाच प्रकारे दगावला. कासरगोडच्या घटनेनंतर केरळने शवर्मा विक्रीसाठी नियम केले. पार्सलवर तयार केल्याची वेळ आणि तासाभरात खाण्याची सूचना लिहिणं हा त्यातलाच एक.

शंकूत अडचण अशी की बाहेरचा थर शिजलेला असला तरी आतला कच्चा असतो. गिऱ्हाईक कमी असताना आच मंद केली किंवा बंद केली, तर मांस तासन्‌तास ५ ते ६० अंशांच्या मधे राहतं. जिवाणू याच तापमानात झपाट्याने वाढतात. गर्दीच्या वेळी घाईत अर्धकच्चा थरही उतरवला जाऊ शकतो.

घरच्या पद्धतीत क्रम उलटा आहे. मांस आधी पूर्ण शिजतं, मग कापलं जातं, मग कुरकुरीत होतं. त्यामुळे हा धोका बराच कमी होतो, पण एका अटीवर. खिम्यात वरचे जिवाणू दळताना आतपर्यंत मिसळलेले असतात, म्हणून लोफचा मधला भाग तापणं महत्त्वाचं. अमेरिकेच्या कृषी खात्याच्या निकषानुसार मटण, बीफ किंवा पोर्कच्या खिम्याचं मधलं तापमान ७१ अंश आणि चिकनचं ७४ अंश हवं. रंगावर विसंबू नका. खिमा शिजण्याआधीही तपकिरी दिसू शकतो. टोचून बघायचा डिजिटल थर्मामीटर काही शे रुपयांत मिळतो आणि माझ्या मते एअर फ्रायरच्या आधी घ्यायची वस्तू तीच आहे. शिजलेलं मांस बाहेर २ तासांपेक्षा जास्त ठेवायचं नाही. खोलीचं तापमान ३२ अंशांच्या वर असेल तर १ तासच. नागपूरच्या मे महिन्यात हा तासही उदारच म्हणायचा.

पिटा फुगवायचा की नाही?

नाही. पोळी-फुलका करणाऱ्या हाताला हे जड जातं. खिसा असलेला पिटा अरब देशांकडचा. ग्रीक यीरोचा पिटा जाड, मऊ आणि बिनखिशाचा असतो. ३०० ग्रॅम मैदा (अर्धी कणीक चालेल), १८० मिलिलिटर कोमट पाणी, प्रत्येकी १ छोटा चमचा इन्स्टंट यीस्ट, साखर आणि मीठ, २ मोठे चमचे तेल. मळून तासभर झाकून ठेवा, ६ गोळे करा, अर्धा सेंटीमीटरपेक्षा किंचित जाड लाटा आणि काट्याने टोचे मारा म्हणजे फुगणार नाही. तेल लावून तव्यावर दोन्ही बाजूंनी भाजा आणि लगेच फडक्यात गुंडाळा. कडक झालेला पिटा गुंडाळताना मोडतो.

आणि ती पांढरी चटणी?

ती ‘झाझिकी’. इथे मराठी घराला आयतीच आघाडी आहे. ज्याला दुकानात ‘ग्रीक योगर्ट’ म्हणून महागात विकतात, ते पाणी काढलेलं दही. श्रीखंडासाठी आपण चक्का बांधतो तीच कृती. अर्धा किलो दही रात्री बांधून फ्रीजमध्ये टांगलं की साधारण पाव किलो चक्का मिळतो. एक काकडी किसून, मीठ लावून १० मिनिटांनी घट्ट पिळा. त्यात चक्का, १-२ पाकळ्या ठेचलेला लसूण, १ मोठा चमचा ऑलिव्ह ऑइल, थोडं व्हिनेगर. वरून बारीक चिरलेली शेपू. होय, तीच शेपू. ‘डिल’ म्हणून परदेशी पाककृतींत दिसते ती हीच. भाजी म्हणून नाक मुरडणारेही इथे ती गुपचूप खातात. कोशिंबिरीसारखी पातळ ठेवू नका, पिटा खालून भिजतो.

गुंडाळताना क्रम असा : गरम पिटा, झाझिकी, मांस, टोमॅटो, कच्चा कांदा, बटाट्याचे काप. खालचं टोक कागदात घट्ट दुमडा. अर्धा किलो खिम्यात सहा पिटे आरामात होतात. काप उरले तर एकेक सुटे पसरून फ्रीझरमध्ये गोठवा, मग पिशवीत भरा. महिनाभर टिकतात. फ्रीझरमधून काढून थेट तापल्या तव्यावर टाका, आधी बाहेर ठेवून वितळवत बसू नका.