बाहुल्यांनी उघडलेली आठवण

आपल्या लहानपणाचे फोटो बहुतेकींकडे दोन-चार तरी असतात. मोरोक्को देशातल्या अस्मा एल मूदिर हिच्याकडे एकच होता, बालवाडीतल्या मुलांचा. ‘त्यातली कडेची मुलगी तू,’ असं आई सांगायची. अस्माला ते पटत नव्हतं. घरात फोटो का नाहीत? तर आजीची सक्त मनाई. भिंतीवर फोटो फक्त राजाचा!

अस्मा पुढे चित्रपट करू लागली आणि या प्रश्नाच्या मागे लागली. शोध जाऊन पोहोचला १९८१ सालापर्यंत, म्हणजे तिच्या जन्माच्याही आधी. त्या जूनमध्ये पाव-पीठ महागलं म्हणून कॅसाब्लांका शहरातले लोक रस्त्यावर उतरले आणि त्यांच्यावर गोळ्या चालल्या. सरकारने ६६ मृत्यू सांगितले. विरोधकांच्या मते आकडा सहाशेच्या वर होता. कित्येक घरांना आपल्या माणसाचा देहसुद्धा मिळाला नाही. २००५ साली शहरात सामूहिक दफनाची जागा सापडली. मधली वर्षं गल्लीने तोंड मिटून काढली होती.

आता चित्रपट करायचा कशावर? त्या दिवसाची चित्रं जवळजवळ नाहीतच, आणि माणसं बोलायला तयार नाहीत. अस्माने मग चक्क भातुकली मांडली. तिचे वडील बांधकामातले कारागीर. त्यांनी आपली गल्ली, घरं, दारं-खिडक्या लहानशी करून उभी केली, शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या मातीच्या बाहुल्या केल्या. आईने बाहुल्यांचे कपडे शिवले. मग घरच्यांना आणि शेजाऱ्यांना त्या गल्लीभोवती बसवून तिने कॅमेरा सुरू केला.

गल्ली खोटी, माणसं खरी. अशा चित्रपटात माहितीपट आणि कल्पित यांची सांगड असते ती अशी. त्याचा उपयोगही दिसतो. ‘त्या दिवशी काय झालं?’ असं थेट विचारलं की माणूस गप्प होतो. हातात बाहुली असली की ‘ही इथे उभी होती’ एवढं तरी बोलतो, आणि तेवढ्यातून पुढचं निघतं. तेव्हा तुरुंगात कोंबला गेलेला एक शेजारी त्या छोट्याशा कोठडीपाशी बसून बाहुल्या मांडतो, श्वास कोंडून मेलेल्यांबद्दल सांगतो आणि सांगता सांगता कोसळतो. आजी मात्र सहजी बधत नाही. तिच्या कडकपणामागे भीती आहे, हे हळूहळू आपल्या लक्षात येतं.

यात फसवणूक नाही का? नाही, कारण बाहुली ही बाहुलीच आहे, हे आपल्याला पहिल्यापासून दिसत असतं. प्रत्येकाची आठवण वेगळी निघते, तीही तशीच ठेवली आहे.

‘द मदर ऑफ ऑल लाइज’ हे या चित्रपटाचं नाव. २०२३ साली कान महोत्सवाच्या ‘अन सर्टन रिगार्ड’ विभागात अस्माला त्यासाठी दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला.

आपल्याही घरात न बोललेलं काही असतं: दुष्काळ, दंगल, अकाली गेलेली बहीण. आजीला एकदम प्रश्न विचारू नका. जुन्या घराचा नकाशा काढायला सांगा. चूल कुठे होती, दार कुठल्या बाजूला, कोण कुठे निजायचं. आणि ती थांबली, तर तुम्हीही थांबा.