बारशाआधी कोश उघडा!

‘आरव’ म्हणजे ‘शांत’, असा अर्थ बाळांच्या नावांच्या याद्यांत सर्रास सापडतो. संस्कृत कोश नेमकं उलट सांगतात: आरव म्हणजे आवाज, आरोळी, गलका. ‘कलरव’मधला ‘रव’ तोच!

‘मायरा’ची गंमत वेगळीच. इंग्रजीतलं हे नाव फल्क ग्रेव्हिल (१५५४–१६२८) या कवीनं कवितेसाठी घडवलं, असं मानतात. राजस्थानात मात्र मायरा म्हणजे भाचरांच्या लग्नात मामानं आणलेला आहेर.

पडताळणी सोपी आहे. वामन शिवराम आपटे यांचा १८९० चा आणि मोनियर-विल्यम्स यांचा १८९९ चा कोश कोलोन विद्यापीठाच्या संकेतस्थळावर मोफत पाहता येतो. ‘संस्कृत’ म्हणून सांगितलेल्या नावाचे घटकही तिथे सापडत नसतील, तर दिलेल्या अर्थावर विसंबू नका. नाव आवडलं असेल, तर खुशाल ठेवा. पत्रिकेत अर्थ छापण्याआधी कोश तेवढा बघा.