पात्राला हवा तो आवाज : केट बुश यांची संगीतसाधना

ब्रिटिश पॉप संगीतात रॉक, आयरिश लोकसंगीत, अभिजात समूहगान आणि इलेक्ट्रॉनिक ध्वनी यांना एकत्र नांदवणारे कलावंत अनेक झाले. मात्र केट बुश यांचे स्थान त्यांच्यात वेगळे आहे, कारण गाण्यातील पात्राला त्या क्षणी जो आवाज हवा तो कुठूनही मिळवायचा, या एकाच आग्रहातून त्यांच्या संगीतातील सारी सरमिसळ घडलेली आहे.

३० जुलै १९५८ रोजी केंट परगण्यातील बेक्स्लीहीथ येथे जन्मलेल्या केट यांचे वडील डॉक्टर होते आणि आई आयर्लंडची होती. घरात पियानो होता आणि थोरल्या भावाला लोकवाद्यांचा नाद होता, त्यामुळे इंग्रजी आणि आयरिश असे दोन्ही संस्कार त्यांच्यावर लहानपणीच झाले. शालेय वयात रचलेली त्यांची गाणी ‘पिंक फ्लॉइड’चे गिटारवादक डेव्हिड गिलमोर यांच्या कानी पडली आणि त्यांच्या पाठबळामुळे ईएमआय या ध्वनिमुद्रिका कंपनीने त्यांच्याशी करार केला. पहिला अल्बम निघेपर्यंतच्या काळात लिंडसे केम्प यांच्याकडे त्यांनी मूकाभिनयाचे, म्हणजे शब्दांवाचून केवळ देहबोलीतून भाव प्रकट करण्याच्या कलेचे, धडे घेतले.

१९७८ साली आलेले त्यांचे पहिलेच गाणे, ‘वदरिंग हाइट्स’, हे एमिली ब्राँटे यांच्या १८४७ सालच्या कादंबरीवर आधारलेले आहे. त्यात कादंबरीची नायिका कॅथरिन हिचे भूत खिडकीबाहेरून प्रियकराला साद घालते आणि केट यांनी लावलेला विलक्षण उंच पट्टीतला स्वर हा त्या भुताचाच स्वर आहे. कंपनीचा कल पदार्पणासाठी दुसरे गाणे निवडण्याकडे होता. तथापि एकोणीस वर्षांच्या या गायिकेने आपला आग्रह सोडला नाही आणि ‘वदरिंग हाइट्स’ ब्रिटनच्या विक्रीक्रमवारीत चार आठवडे पहिल्या स्थानावर राहिले. स्वतः लिहिलेले गाणे स्वतःच गाऊन हे स्थान मिळवणाऱ्या त्या पहिल्या ब्रिटिश गायिका ठरल्या. पुढच्या वर्षीच्या दौऱ्यात गाता गाता नृत्य करता यावे म्हणून कपडे अडकवायच्या हँगरची तार वाकवून डोक्यावर बसणारा मायक्रोफोन तयार करण्यात आला, कारण अभिनयासाठी दोन्ही हात मोकळे असणे त्यांना अत्यावश्यक वाटत होते.

पात्राला हवा तो आवाज मिळवण्याच्या या आग्रहाला १९८० च्या सुमारास ‘फेअरलाइट’ या ऑस्ट्रेलियन बनावटीच्या संगणकीय वाद्याची जोड मिळाली. या वाद्यात सॅम्पलिंग करता येत असे, म्हणजे कोणताही ध्वनी मुद्रित करून तो पट्ट्यांच्या साहाय्याने निरनिराळ्या स्वरांत वाजवता येत असे. ‘बाबूश्का’ या गाण्यात ऐकू येणारा काच फुटण्याचा आवाज याच पद्धतीने आला आहे. १९८२ चा ‘द ड्रीमिंग’ हा अल्बम त्यांनी स्वतः निर्मित केला आणि त्यानंतर घरच्याच आवारात स्टुडिओ उभारला. भाड्याच्या स्टुडिओत प्रत्येक तासाचे पैसे मोजावे लागतात आणि प्रयोगाची पहिली कात्री तिथेच लागते. ती अडचण आता उरली नाही.

या स्वातंत्र्याचे सर्वांत परिपक्व फळ म्हणजे १९८५ चा ‘हाउंड्स ऑफ लव्ह’ हा अल्बम. या तबकडीच्या दुसऱ्या बाजूवरील ‘द नाइन्थ वेव्ह’ ही सात गाण्यांची मालिका रात्रीच्या समुद्रात एकटीच तरंगणाऱ्या एका स्त्रीची कथा सांगते. झोपेची गुंगी येते तेव्हा साधा पियानो सोबतीला असतो. भ्रम सुरू होतात तेव्हा तिला चेटकीण ठरवणाऱ्या खटल्याचे तुकडे-तुकडे झालेले आवाज कानांवर आदळतात. भविष्यातील तीच स्त्री येऊन जगण्याचा हक्क मागते तेव्हा आयरिश फिडल आणि पाइप यांचा वेगवान नाच उसळतो. आणि जाणीव पृथ्वीपासून दूर जाऊ लागते तेव्हा जॉर्जियाच्या पारंपरिक गीतावर आधारलेले समूहगान घुमते. यातील एकही शैली सजावटीपुरती आलेली नाही, कारण प्रत्येक शैली त्या स्त्रीच्या मनाची एकेक अवस्था पेलते.

पुढे ‘द सेन्शुअल वर्ल्ड’ या अल्बममध्ये त्यांनी बल्गेरियातील तीन लोकगायिकांना सहभागी करून घेतले, १९९३ नंतर बारा वर्षे त्यांचा नवा अल्बम आला नाही आणि १९७९ च्या दौऱ्यानंतरची त्यांची पुढची मैफलमालिका थेट २०१४ साली, लंडनमध्ये बावीस प्रयोगांच्या रूपाने झाली. २०२२ मध्ये ‘स्ट्रेंजर थिंग्ज’ या मालिकेमुळे ‘रनिंग अप दॅट हिल’ हे ३७ वर्षांपूर्वीचे गाणे ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर पोहोचले. स्त्री आणि पुरुष यांनी जागा बदलल्या तर ते एकमेकांना समजून घेऊ शकतील, ही त्या गाण्याची कल्पना गाणे रचले गेले तेव्हा जन्मलेही नव्हते अशा श्रोत्यांना भिडली. ज्या ध्वनींची निवड काळाच्या चलतीकडे पाहून होते ते त्या चलतीबरोबर जुने होतात. केट बुश यांनी मात्र ध्वनींची निवड माणसाच्या मनःस्थितीकडे पाहून केली आणि म्हणूनच त्यांचे संगीत प्रत्येक नव्या पिढीला आपले वाटू शकते.