शोभिवंत माशांचे औषधोपचार : आधी पाणी जाणावे, मग औषध द्यावे

दिल्लीलगतच्या फरीदाबादच्या अनेक भागांतील भूजल जड, तर काही ठिकाणी खारट आहे. अशा पाण्यात शोभिवंत मासे पाळताना औषधाच्या निवडीइतकेच महत्त्व पाण्याच्या गुणधर्मांना द्यावे लागते. कारण माशाला बहुधा पाण्यातूनच औषध दिले जाते.

ऑक्सिटेट्रासायक्लिन हे प्रतिजैविक कॅल्शियम व मॅग्नेशियमशी बांधले जाते. त्यामुळे जड पाण्यात त्याचा प्रभाव घटतो आणि गुण येत नाही म्हणून मात्रा वाढवली जाते. यातून जिवाणूंमध्ये प्रतिकारक्षमता निर्माण होण्याचा धोका असतो. मोरचुदाचे याउलट आहे. जड व अल्कधर्मी पाण्यात सुसह्य ठरणारी त्याची मात्रा आरओ यंत्राच्या मृदू पाण्यात माशांचा जीव घेऊ शकते. म्हणून पाण्याची कठीणता व सामू तपासल्याशिवाय ही औषधे वापरू नयेत. प्रतिजैविके केवळ पशुवैद्यक किंवा मत्स्यतज्ज्ञांच्या सल्ल्यानेच द्यावीत.

मात्रा प्रत्यक्ष पाण्यावर ठरवावी. 60 सेंमी लांब, 30 सेंमी रुंद व 30 सेंमी उंच टाकीची क्षमता 54 लिटर असते. तीत पाणी 25 सेंमीपर्यंत असल्यास ते 45 लिटर भरते. खडे व सजावटीने 5 लिटर जागा व्यापल्यास उरते 40 लिटर. येथे 54 लिटरची मात्रा दिल्यास ती 35 टक्के अधिक होते.

पांढऱ्या ठिपक्यांच्या रोगात परजीवी माशाच्या त्वचेखाली सुरक्षित असतो. औषध त्याच्या पाण्यात मुक्त पोहणाऱ्या अवस्थेवरच परिणाम करते. त्यामुळे एकदाच मोठी मात्रा देणे व्यर्थ असून योग्य मात्रा ठरावीक अंतराने पुन्हा द्यावी लागते. थंड पाण्यात परजीवीचे जीवनचक्र लांबते. म्हणून उत्तर भारतातील हिवाळ्यात उपचारही अधिक दिवस चालू ठेवावा.

उपचार करताना पुढील दक्षता घ्यावी :

• शक्यतो आजारी मासा स्वतंत्र टाकीत, मूळ टाकीच्याच तापमानाच्या पाण्यात ठेवावा.
• गाळणीतील सक्रिय कोळसा काढावा. तो औषध शोषून घेतो.
• औषध वेगळ्या भांड्यात विरघळवून थोडेथोडे सोडावे. हवेचा पंप अखंड चालू ठेवावा.
• खवले नसलेल्या माशांना निम्म्या मात्रेने सुरुवात करावी.
• दोन औषधे एकत्र करू नयेत. मासा पृष्ठभागावर येऊन धापा टाकू लागल्यास त्वरित क्लोरीनविरहित ताजे पाणी द्यावे.
• थंडीत साठवलेल्या फॉर्मेलिनमध्ये पांढरा साका दिसल्यास ते वापरू नये. तो माशांना विषारी असतो.

उपचाराचे पाणी खाद्यमाशांच्या तळ्यात कदापि सोडू नये. शोभिवंत माशांच्या औषधांत आढळणाऱ्या मॅलाकाइट ग्रीनचा वापर खाद्यमाशांसाठी निषिद्ध आहे. विस्तार कार्यकर्त्यांनी मत्स्यपालकांना औषधाचे नाव सांगण्यापूर्वी पाण्याची मोजमापे विचारण्याची सवय ठेवल्यास माशांची अकारण होणारी हानी टळेल.